चार सेकंदांची नोंद

९ ऑगस्ट, सकाळचे सहा वाजून चाळीस मिनिटे. उंब्रजहून मामीचा फोन आला. "तुजं मामा गेलं गं." मी घड्याळ पाहिले आणि वेळ टिपून ठेवली. ही सवय मामांनीच लावलेली...

मामा दूरचित्रवाणीसाठी विनोदी मालिका दिग्दर्शित करत. काम मुंबईत, पण कोणताही भाग चित्रित करण्यापूर्वी ते तो उंब्रजला आणून अंगणात, शेजाऱ्यांसमोर वाचत. मी बारावीत विज्ञान शाखेत होते तेव्हा त्यांनी माझ्या हाती स्टॉपवॉच दिले. हशा किती सेकंद टिकला, ते मी वहीत लिहायचे. ज्या वाक्याचा हशा तीन सेकंदही टिकत नसे, ते मामा तिथेच कापत. लष्करातून निवृत्त झालेले सुभेदार तात्या पुढे बसत. "गड्या, ह्या इनोदाला आता पेन्शनीत काढ की," असे ते म्हणाले, की मामा स्वतः हसत आणि रेघ ओढत. ध्वनिमुद्रित हशा मात्र त्यांना अजिबात चालत नसे. "हसू बाहेरनं आणून चिकटवायचं नसतं," एवढेच म्हणत.

तीन वर्षांपूर्वी वाहिनीने तोच हशा घालण्याचा आग्रह धरला. मामांनी एका भागापुरती मुदत मागून घेतली: हशाशिवाय दाखवू, लोक हसले नाहीत तर तुमचे खरे. तेव्हा मी सांगलीत प्रयोगशाळेत नोकरीला होते. वाचनासाठी मुद्दाम उंब्रजला गेले. शेवटचा प्रवेश संपला. अंगणात कोणीच हसले नाही. तात्यांनी मान खाली घालून मामीकडे चहा मागितला. माझे स्टॉपवॉच सुरूच झाले नव्हते. मामांनी पेन्सिल उचलून माझ्याकडे पाहिले.

"किती गं?"

"चार."

"चार व्हय? मंग ऱ्हाऊ दे."

प्रवेश तसाच राहिला. भाग दाखवला गेला, महिन्याभरात मालिका बंद झाली आणि मामांना पुन्हा कोणी काम दिले नाही. ते उंब्रजला परतले. कारणे अनेक असतील. मला ठाऊक असलेले एक कारण वहीत माझ्या अक्षरात आहे. त्यांनी विचारले नाही, मी सांगितले नाही...

दहाव्यानंतर मामीने त्यांची संहितेची प्रत माझ्याकडे दिली. त्या प्रवेशाच्या समासात पेन्सिलीने लिहिले होते: 'पोरगी – ४. मी – ०.' म्हणजे तेही मोजत होते. ठाऊक असूनही त्यांनी माझा आकडा धरला. का, ते सांगायला माझ्याकडे पुरावा नाही.

प्रयोगशाळेत चुकीची नोंद खोडून नाहीशी करत नाहीत. जुना आकडा वाचता येईल अशी एकच रेघ ओढायची, शेजारी खरा आकडा लिहून सही करायची. काल सांगलीच्या खोलीत ती वही उघडली. चारवर रेघ ओढली, सही केली. शेजारी लिहिले: शून्य.