सीन्याचं मटण आणि मागचं दार

आमच्या घराला मागचं दार आहे. जुनं गाव गोसीखुर्द धरणाच्या पाण्यात गेलं, नवीन वसाहतीत प्लॉट मिळाला, तेव्हा बांधणारा मिस्त्री म्हणाला, "बाबाजी, मागं दुसऱ्याची भिंत आहे. मधात दोन हाताची बोळ. तिथं दार कायले पाहिजे?"

मी म्हटलं, "मले पाहिजे. तू विटा लाव."

चौथीपर्यंत शिकलेला माणूस आहे मी. पण माझ्या घराला दार कुठं असावं, हे मला दुसऱ्यानं सांगायचं नाही.

जुन्या घरालाही असंच होतं. ते दार माझ्या दोस्तासाठी होतं. तो ढिवर, मासे धरणाऱ्यांतला; मी बौद्ध. वैनगंगेत दोघं एकाच उन्हाळ्यात पोहायला शिकलो. माझ्याकडे तो मोठ्याचं मटण खायला यायचा, हेल्याचं, म्हणजे रेड्याचं. त्याच्या घरात ते चालत नव्हतं. महिन्यातून एखाद्या रविवारी, दुपारी गाव जेवून आडवं झालं की तो पिशवीत दोन मासोळ्या घेऊन निघायचा. कोणी विचारलं तर दोस्ताला मासोळी द्यायला चाललो. मागून यायचा, चपला आत घ्यायचा, चुलीपाशी बसायचा आणि विचारायचा, "काय गा, मटणानं हाड सोडलं का?"

चाळीस वर्षं हाच सवाल.

त्याला सीना लागायचा. सीना म्हणजे जनावराच्या छातीचं मटण. एक थर मांसाचा, एक चरबीचा, मधात कुरकुरं हाड. घाईच्या माणसाचं ते काम नाही, म्हणून आमच्या घरी ते मीच शिजवतो. तुकडे मुठीएवढे ठेवतो. हळद-मीठ लावून गंजात, म्हणजे मोठ्या पातेल्यात, नुसतंच परततो; त्याचं जे पाणी सुटतं ते त्यालाच पिऊ देतो. मग भाजलेल्या कांद्या-खोबऱ्याचं वाटण, लसूण, थोडी खसखस. गंजावर ताट झाकतो, ताटात पाणी ठेवतो. खाली मोहाच्या लाकडाचे निखारे, जाळ नाही. आतलं पाणी आटलं की ताटातलं तापलेलं पाणीच आत सोडायचं. माठातलं थंड पाणी पडलं की मटण अकडतं. मग किती लाकडं घाला, ते ऐकत नाही.

चार तास लागतात. आमची बुढी म्हणते, "कुकरमंधी सहा शिट्ट्यात होते जी."

मी म्हणतो, "कुकरमंधी मटण शिजत नाही, भेते."

दोस्त हसायचा. दात गेल्यावर तर तो म्हणायचा, याले दात लागतच नाहीत, ओठानं तुटते. भातावर रस्सा, वरून सांबार म्हणजे हिरवी कोथिंबीर, आणि डोळे मिटून जेवायचा. जेवण झालं की लिंबानं हात घासायचा आणि बुढीपुढं धरायचा. "वहिनी, वास येते का?"

"येते ना. घरी सांगा, मासोळी सडली होती."

हसत होतो आम्ही. पण मनात माझ्या एक गोष्ट होती. मी काही चोरी करत नव्हतो. माझ्या घरात, माझ्या चुलीवर शिजवत होतो. त्याच्या आंगणात मी खाटेवर बसत होतो, त्यांच्याच कपात चहा पीत होतो, हे खरं आहे. पण माझं अन्न तेवढं मागच्या दारानं. चाळीस वर्षं बोललो नाही. बोललो तेव्हा नको त्या वेळेला बोललो.

यंदा धान घरात आलं आणि तो खाटेला लागला. मी भेटायला गेलो तर अंगावर नुसतं कातडं. सून चहा ठेवायला आत गेली तसा त्यानं माझा हात ओढला. "एक डाव सीना खाऊ घाल गा. मले तं आता चालता येत नाही. डब्यात आणजो. मासोळी आहे म्हून सांगजो."

मी म्हटलं, "डब्यात लपवून नाही आणत. आंगणात बसून सगळ्यायच्या समोर खाशीन, तं पुरा गंज उचलून आणतो."

त्यानं दाराकडे पाहिलं. "नातीचं जमवून राहिले गा. पाहुणे येऊन गेले."

"मंग राहू दे."

"हाव," तो म्हणाला, "राहू दे."

सून चहा घेऊन आली. मी प्यायलो आणि निघालो. घरी बुढीला सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, "न्या ना जी डबा. तुमची इज्जत डब्याच्या झाकणात आहे का?" मला वाटलं, चार दिवसांनी तोच मानेल, नाहीतर मीच मानेन. आठव्या दिवशी तो गेला.

दहाव्याला नदीवर मीही गेलो. त्यांनी पिंड ठेवला. कावळे बाभळीवर बसलेले, एकही खाली उतरेना. मोठा मुलगा हात जोडून म्हणाला, बाबा, आईले सांभाळू. धाकटा म्हणाला, नदीतला डोंगा विकणार नाही. नातीचं लग्न थाटात करू, तेही म्हणून झालं. कावळा मान वाकडी करून पाहत होता. ऊन चढलं. मग मोठा माझ्याकडे वळला. "काका, तुमीच सांगा. बाबाचं मन कायच्यात राह्यलं?"

मी कावळ्याला मानत नाही. दीक्षा घेतलेल्या बापाचा मुलगा आहे. कावळ्याला भूक नसेल, एवढंच. पण सगळी माणसं माझ्या तोंडाकडे पाहत होती, आणि त्यात नातीचे होणारे सासरेही उभे होते.

"मले नाही माहीत," मी म्हटलं.

शेवटी गवताचा कावळा करून पिंडाला लावला आणि लोक आंघोळीला उतरले. लपवणार नाही म्हणून ज्याला उपाशी ठेवलं, त्याचंच मी सगळ्यांसमोर लपवलं. ते बरोबरच केलं. पण आधीही करता आलं असतं.

पुढच्या रविवारी मी भंडाऱ्याहून सीना आणला. सकाळी निखारे केले, ताटात पाणी ठेवलं. बुढीनं वाटण वाटून दिलं. दुपारी झाकण काढलं, हाड चिमट्यात धरलं तर मांस आपोआप गळून पडलं.

"भिंतीवर थोडं ठेवू का?" बुढी हळूच म्हणाली.

"नाही. आपण पिंड मानत नाही."

मग मी फळीवरचा स्टीलचा डबा काढला. चांगले चार तुकडे घातले, वर रस्सा, वर सांबार, आणि झाकण दाबून लावलं. मागचं दार उघडून डबा मांडीवर घेऊन उंबऱ्यात बसलो. बोळीत कोणाची तरी कोंबडी माती उकरत होती. डबा हळूहळू थंड झाला.

संध्याकाळी बुढीनं तो माझ्या हातातून घेतला, मटण परत गंजात ओतलं आणि डबा घासून पालथा घातला.