पंचांगात नसलेला तारा

ठाण्याच्या आमच्या आळीतले जोशीबुवा रोज पहाटे ओट्यावर दिवा ठेवून पंचांग वाचत. मान खाली, बोट ओळीवर. तिथी, वार, नक्षत्र सांगून झालं की ठरलेलं वाक्य, "लिहिलंय तसंच होतं हो!" आळीतली सगळी लग्नं त्यांनीच लावलेली, माझंसुद्धा.

त्या आश्विनात पहाटे खाडीवर शेंडेनक्षत्र उगवू लागलं. पांढरं, केरसुणीसारखं पसरलेलं. एका पहाटे ते बघायला मी शेजारच्या आमच्या घरातून अंगणात आलो होतो. पाटी घेऊन निघालेल्या कोळणीने ओट्यासमोर थांबून विचारलं, "जोशीबावा, ह्यो शेपटीचा तारा तुमचे पोथीन हाय का?"

बुवांनी पानं उलटली. पुन्हा उलटली. मग पंचांग तिथंच टाकून ते अनवाणी अंगणात उतरले आणि त्यांनी मान वर केली. कितीतरी वेळ ते नुसते बघत राहिले. शेवटी माझा दंड घट्ट धरून हळूच म्हणाले, "अरे, यातला ध्रुव कोणता रे?"

मी हबकलोच. लग्नात ह्याच माणसाने बोट वर करून "तो पाहा ध्रुव" म्हटलं होतं आणि आम्ही नवराबायकोने हात जोडले होते.

मागे वळलो. बायको आमच्या दारात उभी होती. तिनेही ऐकलं होतं.