खाली मान

झेंड्याची काठी बाईंनी माझ्या पाठीमागून घातली. दोन्ही कोपरांतून आरपार. म्हणाल्या, आता वाक बघू कशी वाकतेस ती. कल्याणच्या शाळेचं मैदान, सव्वीस जानेवारीच्या संचलनाची तालीम, नववीच्या सगळ्या तुकड्या रांगेत. मधोमध मी, काठीत अडकवलेली.

कोपरं मागे गेली. खांदे मागे गेले. पाठ गेली नाही. मानेखालचा बाक होता तिथेच राहिला, आणि कळ अशी निघाली की डोळ्यांपुढे काजवे चमकले. बाई माझ्याभोवती एक फेरी मारून आल्या. रांगेला ऐकू जाईल अशा म्हणाल्या,

"बाप हमाल ना गं तुझा? मग बरोबर. ओझ्याची पाठ जन्मतःच घेऊन आलीयस."

पोरी हसल्या. ज्या हसल्या नाहीत त्यांनी बुटांकडे बघितलं. बाई शिकल्यासवरल्या घरातल्या, बोलणं एकदम शुद्ध. शिवी त्यांनी कधी दिली नाही. शिवी परवडली असती.

बाबा भाजी मार्केटात गोणी उचलायचे. त्यांची पाठ ताठ होती, वाकडी होती ती माझी. बाईंचं ते बोलणं मी त्यांना आजवर सांगितलेलं नाही. सांगितलं असतं तर ते गप्प बसले असते, आणि ते मला बघवलं नसतं.

आणि शहाडला आमच्या चाळीत? तिथे ह्याच पाठीचं कौतुक. बाराव्या वर्षी मी भराभर उंच व्हायला लागले, तशी आईने धोशा लावला: छाती काढून चालू नकोस, ओढणी नीट घे, खाली बघून चाल. मी चालले. पुढे पाठ खरंच बाक धरायला लागली, ती कुणाला दिसलीच नाही. आत्या कोपरीहून आली की चाळभर ऐकू जाईल असं म्हणायची, पोरगी बघा आमची, खाली मान घालून चालते. शेजारणी आपल्या पोरींना माझं उदाहरण द्यायच्या. पाठ ठणकली की आई बाम चोळायची. वाढीचं अंग आहे, दुखणारच, म्हणायची. घरात गुणाची, शाळेत कुबडी. तुला नेमकं काय होतंय, हे दोन्हीकडे कुणी विचारलं नाही.

काठीनंतर मधल्या सुट्टीत शेजारी कुणी बसेना. एक मैत्रीण होती, तिनेही जागा बदलली. मी जिन्याखाली भिंतीला टेकून डबा खायचे. भिंत टोचायची, पण निदान पाठ कुणाला दिसायची नाही.

त्या काठीने धरलेली कळ जाईना, म्हणून आई मला ठाण्याच्या सरकारी हॉस्पिटलात घेऊन गेलेली. डॉक्टरीणबाई दमलेल्या होत्या, पण घाई केली नाही. मला पालथं झोपवलं, तळव्याने बाक दाबून बघितला. मग उभं करून पुढे वाकायला लावलं आणि बाजूने पाहिलं. एक्स-रे आल्यावर आईला दाखवलं, मणके पुढच्या बाजूने कसे चेपलेत ते.

"ताई, ही वाकून चालत नाही. हिला सरळ होताच येत नाही."

मी तिथेच रडले. हा माझा गुन्हा नाही, हे पहिल्यांदा कुणीतरी तोंडाने म्हटलं होतं. मग संताप आला. दोन वर्षं मी शरमेने मेले होते, कशासाठी?

डॉक्टरांनी पट्टा दिला. खांद्यांपासून कमरेपर्यंत, कडक. वाढ चालू आहे तोवरच त्याचा उपयोग, एकदा थांबली की नाही. म्हणून दिवसभर बांधायचा, शाळेतसुद्धा. आत्या म्हणाली, शाळेत नको गं बाई, चार लोक बघतील, उद्या हिला करून कोण घेईल? घरातच बांधू दे. आईने मान डोलावली. मीही सुरुवातीला ऐकलं. शाळेत जाताना पट्टा खुंटीला राहायचा आणि मी चोरासारखी वाकून निघायचे.

मग एका सकाळी ओढणी खुंटीला टांगली. पट्टा आतून, बनियनवर बांधायचा असतो. मी ड्रेसवरून बांधला. दिसायलाच हवा होता.

मैदानात बाईंनी बघितलं. म्हणाल्या, हे सोंग काढ, परेड आहे ही, जत्रा नाही. आणि एका पोरीला काठी आणायला पाठवलं.

"काढणार नाही," मी म्हटलं. "काठीपण लावून घेणार नाही. माझी पाठ आजारी आहे, बाई. माझ्या बापाचं नाव त्यात घेऊ नका."

आवाज कापत होता माझा. शेजारी येऊन कुणी उभं राहिलं नाही. बाईंनी संचलनातून नाव काढलं. सव्वीस जानेवारीला मी पाण्याच्या टाकीजवळ एकटी उभी राहिले, पट्ट्यात, आणि झेंड्याला सलाम तिथूनच केला.

पट्टा अंगावर होता तोवर मी एकटीच होते. बाक वाढायचा थांबला. गेला नाही. कौतुकात गेलेली ती दोन वर्षं आजही माझ्या पाठीवर आहेत. ब्लाऊज शिवायला टाकताना शिंप्याला सांगावं लागतं.

परवा आत्या आलेली. माझ्या भावाच्या मुलीला आता बारावं लागलंय, ती पाणी घेऊन बाहेर आली. आत्या लाडाने म्हणाली,

"अगदी तुझ्यावर गेलीय गं. खाली मान घालून चालते."

अंगाची लाही लाही झाली माझ्या. पोरीला आत नेलं, पुढे वाकायला लावलं, बाजूने पाठ बघितली. ठीक वाटली. तरी बघत राहणार. बाहेर आले.

"आत्या, ह्या घरात पोरीच्या खाली मानेचं कौतुक परत करायचं नाही. करायचं असेल तर येऊ नकोस."

आत्या चहा न पिता गेली. आई अजून माझ्याशी बोलत नाही. नको बोलू दे. मी शब्द मागे घेणार नाही.