महानंदाक्कांची दाताची बिस्किटं

लातूरहून महानंदाक्कांच्या नातवाचा फोन आला तेव्हा मी नांदेडच्या घरी डाळ निवडत होते. "आज्जी गेली. झोपेतच गेली," तो म्हणाला. माझ्या तोंडून निघून गेलं, "रात्री काय खाल्लं होतं?" एवढ्या वयाच्या बाईबद्दल कुणी असं विचारतं का? मलाच ओशाळल्यासारखं झालं. तो म्हणाला, "तिनंपण पहिल्यांदा हेच विचारलं असतं."

आमची ओळख झाली तेव्हा लातूर नुकतंच जिल्ह्याचं ठिकाण झालं होतं. माझ्या नवऱ्याची नांदेडहून तिथल्या नव्या कचेरीत बदली झाली, आणि आठ महिन्यांची वैशाली कडेवर घेऊन मी एका गल्लीत भाड्याच्या दोन खोल्यांत राहायला आले. पावसानं दगा दिलेलं वर्ष होतं. पाण्याचा टँकर चार दिवसांनी यायचा, आणि त्या रांगेत घागर ठेवून कुणी घरात जात नसे, कारण परतेपर्यंत ती मागे सरकलेली असायची. अर्धी बिऱ्हाडं आमच्यासारखी बदलीवर आलेली, कोण कुठलं ते कुणाला ठाऊक नाही. शेजारी अक्का. किराणा दुकानदाराच्या घरातल्या, कपाळावर विभूतीचे पट्टे, बोलणं कमी, नजर मात्र सारखी भिरभिरती. दात येणाऱ्या पोरांसाठी त्या बिस्किटं करायच्या. बोटाएवढी लांब, दगडासारखी टणक, पोराच्या मुठीत नीट बसणारी. गल्लीतल्या पोरांना फुकट वाटायच्या. मला तेच पहिल्यांदा खटकलं... दुष्काळात कोण फुकट काय देतं?

वैशाली दातांनी हैराण होती, रात्रंदिवस किरकिर. अक्कांचं बिस्किट हातात दिलं आणि पोर शांत झाली. दुसऱ्या दिवशीही तेच. मला आनंद व्हायला हवा होता, पण मनात पाल चुकचुकली. माझ्या आईनं लहानपणापासून बजावलं होतं, पोर एकाएकी गप्प झालं तर गुटीत अफू तर नाही ना ते बघावं. त्यात अक्कांची एक विचित्र सवय होती. कुणाचंही पोर झोपलेलं दिसलं की त्या वाकून त्याची पापणी वर करायच्या, डोळ्यांत बघायच्या, तळपायाला चिमटा काढायच्या. पोर रडलं की समाधानानं निघून जायच्या. बिस्किटांत काय घालता, असं मी एकदा विचारलं तर म्हणाल्या, "का म्हून इचारालीस? खाऊन बघ की." मी खाल्लं नाही. अर्धं बिस्किट पदराच्या टोकाला बांधून ठेवलं आणि दोन शेजारणींच्या कानात माझी शंका घातली. चार दिवसांत कितीतरी दारं अक्कांना बंद झाली. त्या तरीही डबा घेऊन यायच्या. परत जाताना डबा भरलेलाच असायचा.

मागच्या बोळात शेवंता राहायची. रोजगार हमीच्या रस्त्यावर खडी फोडायला जायची आणि दहा महिन्यांचा पोरगा सासूपाशी ठेवायची. एका दुपारी अक्का तिकडून धावत आल्या, तो पोरगा खांद्यावर टाकलेला, मान लोंबकळलेली. "नांदेडकरीण, रिक्षा बघ. डोळ्यातली बाहुली टाचणीच्या टोकाएवढी झालीय." रिक्षात मी, वैशाली, शेवंताची सासू आणि अक्का. अक्का सारख्या त्याच्या गालावर टिचक्या मारत होत्या, आणि मी त्यांच्याकडे बघत होते. डोळ्यातली बाहुली बघून हिला इतकं कळतं कसं? अफू हिच्याच बिस्किटांत आहे, अशी माझी खात्रीच झाली.

दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, "काय दिलंत पोराला?" मी पदराची गाठ सोडली. "हे बघा. ह्या करतात. आत काय घालतात ते सांगत नाहीत." डॉक्टरांनी तुकडा मोडायला बघितला, मोडेना. अक्कांनी तो त्यांच्या हातातून घेतला, तोंडात टाकला आणि चावायला लागल्या. चार दिवसांचं शिळं बिस्किट, किती तरी वेळ लागला. त्या चावण्याचा आवाज तेवढा ऐकू येत होता. त्यांनी माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही. शेवटी शेवंताची सासू भिंतीला टेकून खाली बसली. "म्या दिलं," ती म्हणाली. "मोहरीएवढं. लई रडत व्हतं. पाण्याला नंबर लावू का त्याला घिऊ?"

डॉक्टरांनी इंजेक्शन दिलं. दिवस कलताना पोरानं डोळे उघडले आणि भोकाड पसरलं. "रड बाबा, रड," अक्का म्हणाल्या, आणि त्याचा तळपाय मुठीत धरून बसून राहिल्या.

परतीच्या वाटेवर त्यांनी आपणहून सांगितलं. उदगीरला सासरी त्यांचा पहिला मुलगा असाच झोपला होता. "उठलाच न्हाई. कुणी दिलं, आजवर कळलं न्हाई. सासूनं, जावेनं का दाईनं... त्याच घरात बारा वर्षं जेवले, एकेकीच्या हाताकडं बघत." पुढं म्हणाल्या, "मग इथं आलो. दातानं रडणाऱ्या पोराला चावायला काही असलं तर कुणाचा हात अफूकडं जाणार न्हाई, म्हणून हे सुरू केलं."

मी माफी मागायला लागले तर त्यांनी हातानं थांबवलं. "तू गाठ मारून ठिवलीस, ते बरं केलंस. ज्या आया काहीच इचारत न्हाईत, मला त्यांची भीती वाटते."

पुढच्या आठवड्यात त्यांनी मला चुलीपुढं बसवून बिस्किटं शिकवली. भाजलेल्या मुगाचं आणि गव्हाचं पीठ, गुळाचं पाणी, चिमूटभर सुंठ. वाळूच्या पातेल्यात, झाकणावर निखारे ठेवून एकदा भाजायची, निववून परत भाजायची, म्हणजे तुकडा पडून घशात अडकत नाही. मी दारोदार जाऊन खरं काय ते सांगितलं. काहींनी ऐकलं. एक म्हणाली, "आता तू तिच्या बाजूची झालीस." तिच्या दारातून अक्कांचा डबा शेवटपर्यंत भरलेलाच परत आला. संशय पेरायला मला दोन शब्द पुरले होते, निस्तरायला मात्र आमची बदली होईपर्यंतची वर्षंही पुरली नाहीत.

अक्का गेल्यावर, गेल्या महिन्यात, त्यांच्या घरच्यांना भेटायला लातूरला गेले. घर आता सिमेंटचं, ओट्यावर गॅस. खिडकीच्या गजाला सुतळीनं एक भिंग बांधलेलं होतं. नातसून म्हणाली, डोळे अधू झाल्यावर अक्कांनी ते मागवून घेतलं होतं, घरात पोरांसाठी आलेल्या प्रत्येक पुड्यावरचं वाचायला. बोलता बोलता आतलं बाळ खोकलं. तिनं फळीवरून औषधाची बाटली काढली, मी समोर असून नसल्यासारखी ती खिडकीशी गेली, भिंग धरून बारीक अक्षरं ओठ हलवत शेवटच्या ओळीपर्यंत वाचली... आणि मगच झाकण उघडलं.