पाचपरतावणीला आणलेली लेक

माझी भाची चोवीस वर्षांची, सोलापुरात औषधांच्या दुकानात फार्मासिस्ट. डॉक्टरांची न लागणारी अक्षरं लावून ती म्हाताऱ्याकोताऱ्यांना गोळ्या समजावून द्यायची. पण तिनं दुसऱ्या जातीच्या मुलाशी नोंदणी लग्न केलं आणि गावी मंद्रूपला तिच्या बापाच्या, म्हणजे माझ्या भावाच्या लेखी ती एका दिवसात बिनअकलेचं लेकरू झाली. मला आजही त्याचा संताप येतो, आणि त्यातला निम्मा माझ्यावरच आहे.

कारण तिला माहेरी मी आणलं. भाऊ माझ्या घरी येऊन रडला. "झालं ते झालं. पाचपरतावणीला तरी आण की तिला. चारचौघांत तोंड दाखवाया जागा ऱ्हाऊ दे." नवी नवरी पाचव्या दिवशी माहेरी येते, दोन दिवस राहते, मग जावई न्यायला येतो. आमच्यात हे कुणी चुकवत नाही. जावयाला मी शब्द दिला आणि त्यानं तिला बिनघोर पाठवलं. दोन दिवसांनी तो न्यायला आला, तर भावानं त्याला दारातूनच हाकललं. पोरीचा मोबाइल काढून घेतला होता आणि तिला आतल्या खोलीत कोंडलं होतं.

मी दर रविवारी तिच्या आवडीचं काहीतरी डब्यात घालून जायची. भावाचा राग उतरेल, असं स्वतःला समजावायची.

जावयानं कोल्हापूरला हायकोर्टात अर्ज केला: बायकोला डांबून ठेवलंय, तिला कोर्टापुढं हजर करा. वकील त्याला हेबियस कॉर्पस म्हणतात. अर्जानंतर एक हवालदार चौकशीला आले. घराच्या पुढच्या सोप्यात भाऊ आणि भावकीतले मिळून आठ पुरुष बसलेले. पोरीला मधे उभी करून हवालदारांनी विचारलं, "राजीखुशीनं ऱ्हातीस न्हवं?" तिनं मान खाली घातली. "व्हय म्हणतीया," त्यातला तिचा एक चुलता म्हणाला, आणि हवालदारांनी तसंच लिहून घेतलं. मग चहा झाला. आठ जणांच्या डोळ्यांदेखत कुठली पोर नाही म्हणेल, एवढं न कळायला ते हवालदार काय दूधखुळे होते? खाली साक्षीदार म्हणून माझी सही घेतली. मी शाळेत शिकवते, माझ्या सहीला वजन आहे म्हणे. मी मुकाट्यानं केली.

कोर्टानं त्या कागदावर विसंबून न राहता तिला समोर आणायला लावलं. न्यायमूर्तींनी तिला चेंबरमध्ये एकटीला बोलावलं. पाच मिनिटं लागली. मुलगी सज्ञान आहे, तिला वाटेल तिथं जाईल, कुणी अडवायचं नाही, असा हुकूम झाला. चोवीस वर्षांच्या बाईला स्वतःच्या घरी जायला हायकोर्टाचा हुकूम लागावा, याची आमच्यातल्या एकालाही लाज वाटली नाही. "कोर्टानं पोर हिसकावली," असं भाऊ तिथंच लोकांना सांगत होता.

बाहेर व्हरांड्यात ती नवऱ्याबरोबर निघाली, तेव्हा मी तिला जवळ घ्यायला पुढं झाले. "माझ्या हातात काय होतं गं," मी म्हणाले. "मी तर दर रविवारी येत होते."

तिनं आवाजसुद्धा चढवला नाही.

"येत हुतीस की, आत्या. बाहेरची कडी काढून डबा द्यायचीस, आन् जाताना परत लावायचीस."