अठ्ठावीस हजार प्लेटलेट्सचा आराम

माझी डावीकडची खालची दाढ काढायची ठरली नसती, तर मी आजारी आहे हे कुणाला कळलंच नसतं. मलाही नाही, कारण दाढ सोडली तर मला काहीही होत नव्हतं.

मी जळगावात मेहरूणला राहते आणि मुलींच्या एका शाळेत गणित शिकवते. डिसेंबर होता. दातांचे डॉक्टर तरुण आणि फार काळजी घेणारे. पन्नाशीकडे आलेल्या माणसाची दाढ ते रक्त तपासल्याशिवाय उपटत नाहीत. मी रक्त दिलं. संध्याकाळी रिपोर्ट घेऊन गेले, तर तो वाचता वाचता डॉक्टर माझ्यापासून दोन पावलं मागे सरकले. प्लेटलेट्स अठ्ठावीस हजार होत्या. निदान दीड लाख तरी हव्यात. त्यांनी मला समजावून सांगितलं की जखम झाली की रक्तातल्या या बारक्या पेशी तिथे धावतात, एकमेकींना चिकटतात आणि भोकाला बूच लावतात. बूच लावायला माणसंच कमी असतील तर रक्त वाहत राहतं. "दाढ राहू द्या," ते म्हणाले. "आधी हे बघा."

दुसऱ्या दिवशी पुन्हा तपासणी केली. एकवीस हजार.

आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी मला ताप आहे का बघितलं, डेंग्यूची तपासणी केली. दोन्ही नाही. पण आकडा आकडाच होता. त्यांनी धुळ्याच्या एका रक्ततज्ज्ञ बाईंची शुक्रवारची वेळ घेऊन दिली आणि तोवरचं पथ्य सांगितलं. सुरी हातात घ्यायची नाही. विळीवर बसायचं नाही. ब्रश जोरात घासायचा नाही, कडक काही चावायचं नाही. दाढ दुखली तरी कसल्याही वेदनाशामक गोळ्या घ्यायच्या नाहीत, कारण त्यातल्या काही गोळ्या प्लेटलेट्सचा चिकटपणा घालवतात. पडू-झडू नका, जड उचलू नका, आराम करा.

माझे यजमान एका कॉलेजच्या ऑफिसात आहेत. डॉक्टर बोलत होते तेव्हा ते खिशातल्या डायरीत सगळं लिहून घेत होते. घरी येऊन त्यांनी पहिलं काम काय केलं असेल तर विळी उचलून माळ्यावर ठेवली.

मी पंचवीस वर्षं संसार केलाय. त्यात दुपारी आडवी झाले की कुणीतरी विचारायचं, बरं नाही का? आता उभी राहिले की विचारायला लागले, का उठलीस? हे सुख मला नवीन होतं. पहिल्या दिवशी मी खरंच घाबरले होते. रात्री हातापायांवर लाल ठिपके शोधले, आरशात हिरड्या बघितल्या. काही सापडलं नाही. दुसऱ्या दिवशी भीती थोडी कमी झाली आणि भूक वाढली. तिसऱ्या दिवशी मी पलंगावरून सांगत होते की मेथी निवडताना देठ एवढे लांब ठेवायचे नसतात.

यजमान कांदा चिरायचे तो संत्र्याच्या फोडींसारखा. पण चिरायचे. सकाळी भाकरी मात्र अक्का करायच्या. अक्का म्हणजे माझ्या सासूबाई. त्या मूळच्या शिंदखेड्याकडच्या, बोलतात अजून तिकडचंच. वय सत्तरीच्या पुढे, गुडघे आणि जीभ दोन्ही उत्तम चालतात. पपईच्या पानांचा रस देण्याची जबाबदारी त्यांनी स्वतःकडे घेतली. सकाळ-संध्याकाळ अर्धा पेला. तो इतका कडू होता की मला दाढेचं दुखणं विसरायला व्हायचं. मी एकदा यजमानांना म्हटलं, तुम्हीही घ्या, घरात एकाला झालंय, काय सांगावं. ते निमूट प्यायले. तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की या आजारात बऱ्याच शक्यता आहेत.

त्याच आठवड्यात रविवारी भरीत पार्टी होती. यजमानांच्या कॉलेजातली दहा-बारा कुटुंबं हिवाळ्यात एकदा एका सहकाऱ्याच्या शेतात जमतात. शेतात कापसाच्या काड्यांवर वांगी भाजायची, मिरच्यांबरोबर ठेचायची, ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या पुऱ्या, भाकरी, कोशिंबीर. पार्टी सगळ्यांची असते. पण वांगी भाजण्यापासून ताटं वाढण्यापर्यंत धुरात कोण असतं, हे त्या धुरात डोळे चोळलेल्यांना विचारावं. पुरुषमंडळी आगीपासून सुरक्षित अंतरावर उभी राहून वांगी नीट भाजली जात आहेत ना, यावर लक्ष ठेवतात. या वर्षी यजमान म्हणाले, आपण जायचंच नाही. मी म्हटलं, जाऊ या, मी खुर्चीवर बसेन, करणाऱ्यांना सांगेन. त्या वेळी माझ्या मनात काही नव्हतं, एवढं मी शपथेवर सांगू शकते.

शुक्रवारी आम्ही धुळ्याला निघालो. एरवी यजमान गाडी बरी चालवतात. त्या दिवशी एरंडोल येईपर्यंत मागून आलेल्या तीन ट्रॅक्टरांनी आम्हाला मागे टाकलं. प्रत्येक गतिरोधकापाशी ते गाडी थांबवायचे, माझ्याकडे बघायचे आणि मग पाळण्यातलं बाळ न्यावं तशी ती अलगद पुढे न्यायचे.

धुळ्याच्या डॉक्टरीणबाई माझ्याच वयाच्या होत्या, केस पांढरे आणि रंग न लावलेले. यजमान शहाळं आणायला बाहेर गेले आणि त्यांनी मला प्रश्न विचारायला सुरुवात केली. अंगावर काळे-निळे डाग पडतात का? नाही. हिरड्यांतून रक्त? नाही. नाकातून? पाळीला जास्त जातं का? नाही. कापलं तर रक्त लवकर थांबत नाही का? थांबतं. तोंडी परीक्षेत एकही उत्तर जमू नये तसं मला वाटायला लागलं. त्यांनी माझ्या पोटऱ्या बघितल्या, तोंडात टॉर्च मारला आणि मग दंडातून दोन नळ्या रक्त घेतलं, एक जांभळ्या बुचाची, एक निळ्या बुचाची. शिवाय बोटाला टोचून एक थेंब सरळ काचेवर घेतला. बोटावर कापूस ठेवला आणि घड्याळाकडे बघत बसल्या. थोड्या वेळाने कापूस काढला. रक्त थांबलं होतं.

"चांगलं बूच बसलंय," त्या म्हणाल्या. "एकवीस हजार असलेल्या बाईचं इतक्या सहज बसत नाही."

तासाभराने त्यांनी मला आत बोलावलं आणि सूक्ष्मदर्शकाला डोळा लावायला सांगितलं. गुलाबी चकत्यांचा सडा पडला होता आणि त्यात जागोजागी जांभळट बारीक ठिपक्यांचे पुंजके होते.

"या तुमच्या प्लेटलेट्स. जांभळ्या नळीत रक्त गोठू नये म्हणून एक रसायन असतं. हजारात एखाद्या माणसाच्या प्लेटलेट्स त्या रसायनात गेल्या की अशा घोळक्याने बसतात, लग्नात आपण कोपरा धरून बसतो तशा. यंत्र सुट्या पेशी मोजतं. घोळका दिसला की त्याला ती प्लेटलेट वाटतच नाही. नळी जितकी वेळ पडून राहील तितके घोळके वाढतात आणि आकडा कमी येतो."

निळ्या नळीतल्या रसायनात माझ्या प्लेटलेट्स शहाण्यासारख्या सुट्या राहिल्या होत्या. त्या भरल्या दोन लाख पंधरा हजार. आजार माझ्यात नव्हता, नळीत होता. कोणाचीच चूक नव्हती. पुढे कुठेही रक्त द्यायचं झालं तर हे आधी सांगायचं, एवढंच औषध.

मला आनंद झाला. अगदी मनापासून झाला. आणि त्याच्या मागोमाग रविवारची चूल डोळ्यांपुढे आली. मी डॉक्टरीणबाईंना विचारलं, की हे घरी आजच सांगावं लागेल का.

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. "रिपोर्ट तुमचा आहे. कुणाला कधी सांगायचं ते तुम्ही बघा. फक्त तो पपईचा रस बंद करा, पोट बिघडेल."

यजमान शहाळी घेऊन आले. मी सांगितलं की रिपोर्ट संध्याकाळी मोबाइलवर येणार आहे. हे शंभर टक्के खरं होतं. मुलींनी उत्तरासोबत सगळ्या पायऱ्या लिहाव्यात असा माझा वर्गात आग्रह असतो, पण मी काही वर्गात नव्हते. संध्याकाळी रिपोर्ट आला. यजमानांनी जेवताना विचारलं, आला का? मी म्हटलं, अजून नाही. हे मात्र सरळ खोटं होतं, आणि ते बोलताना मी दुसऱ्यांदा वरण वाढून घेतलं.

शनिवारी यजमान कॉलेजात गेले. ओट्यावर त्यांनी सकाळी चिरून ठेवलेला कांदा पडला होता. तो बघून मला राहवेना. फळं कापायची सुरी त्यांच्या नजरेतून सुटली होती, ती घेतली आणि त्या फोडी बारीक करायला लागले. चार दिवसांत सवय मोडली असावी. सुरी बोटावर बसली. रक्त आलं, आणि त्याच वेळी अक्का दारात उभ्या राहिल्या.

मला वाटलं, आता ओरडतील, शेजाऱ्यांना बोलावतील. त्यांनी तसं काही केलं नाही. त्या जवळ आल्या, माझं बोट धरलं, पदराने दाबलं. मग पदर काढून बघितलं. मग माझ्या तोंडाकडे बघितलं. बराच वेळ बघितलं.

"रगत ते थांबी गयं," त्या म्हणाल्या.

त्यांना वाचता येत नाही, पण आयुष्यभर विळी, कोयता आणि खुरपं वापरलेल्या बाईला रक्त कधी थांबतं आणि कधी थांबत नाही हे कळायला रिपोर्ट लागत नाही. मी सगळं सांगून टाकलं. नळी, घोळके, निळं बूच, सगळं. त्या ऐकत होत्या. मी म्हटलं, आज त्यांना सांगते.

अक्कांनी मागे वळून दाराकडे बघितलं, जणू तिथे कुणी ऐकत होतं. "ऐतवारलोंग कोणले सांगू नको," त्या म्हणाल्या. "आनि माले बी एक खुर्ची ठेवजो."

रविवारी सकाळी अक्कांचे गुडघे अचानक दुखायला लागले. शेतात लिंबाच्या झाडाखाली दोन खुर्च्या मांडल्या. यजमानांनी सहकाऱ्यांना माझा आकडा सांगितला होता, त्यामुळे बायकाही माझ्याजवळ येऊन बसल्या, मला धीर द्यायला. मग चुलीजवळ उरलं कोण? कॉलेजातले सहा-सात पुरुष काड्यांच्या धुरात वांगी उलटीपालटी करत होते, आणि अक्का खुर्चीतून त्यांना सांगत होत्या की देठ धरून फिरव, कच्चं राहील, अजून राहू दे. कुणाला चटका बसला, कुणाचा शर्ट काळा झाला. वांगी ठेचताना यजमानांच्या डोळ्यात मिरची उडाली. ते डोळे मिटून ठेचतच राहिले. भरीत जरा खारट झालं होतं, पण मी तीन वेळा घेतलं आणि अक्कांनी चार. मला एक गोष्ट त्याच दिवशी कळली. सत्तरी ओलांडलेल्या या बाईने भरताच्या पार्टीत बसून, गरम असताना, कधीच खाल्लं नव्हतं. ती शेवटी उरलेलं खायची, चूल विझल्यावर.

परत येताना गाडीत मी मोबाइल काढून यजमानांपुढे धरला. त्यांनी गाडी बाजूला घेतली, रिपोर्ट वाचला. पुन्हा वाचला. तारीख बघितली. मला वाटलं, चिडतील. ते स्टिअरिंगवर हात ठेवून बसून राहिले. मग सांगितलं. बुधवारी ते कॉलेजातून रक्तपेढीत गेले होते, मला द्यायला लागल्याच तर स्वतःच्या प्लेटलेट्स देता येतील का विचारायला. तिथे त्यांना नाही म्हटलं. हृदयासाठी त्यांना रोज ॲस्पिरिनची गोळी असते, आणि ती गोळी प्लेटलेट्सना चिकटू देत नाही. अशा पेशी दुसऱ्याच्या कामाच्या नाहीत. म्हणून त्यांनी तीन सहकाऱ्यांना तयार करून त्यांची नावं रक्तपेढीत लिहून ठेवली होती. हे त्यांनी मला सांगितलं नव्हतं, मी घाबरेन म्हणून.

मी खिडकीबाहेर बघत राहिले. मागच्या सीटवरून अक्का म्हणाल्या की चूक त्यांची स्वतःची आहे, पोरीला काही बोलू नको. यजमान म्हणाले, मी कुठे काय बोललो. आणि मग त्यांना हसू आलं. हसताना डोळ्यांतून पाणी येत होतं. मिरची अजून उतरली नव्हती, असं ते म्हणाले.

दाढ पुढच्याच आठवड्यात निघाली. कापूस धरून बसले, थोड्या वेळात रक्त थांबलं. काहीच घडलं नाही, त्यामुळे दातांच्या डॉक्टरांची जरा निराशा झाली असावी.

पंधरा दिवसांनी रक्तपेढीतून फोन आला. सातपुड्याच्या पायथ्याकडच्या एका गावातली बाई, रक्ताचा कर्करोग, प्लेटलेट्स खरोखरच नव्हत्या. नाकातलं रक्त थांबत नव्हतं. यादीतल्या तिघांपैकी एकजण लगेच निघाले, भूगोल शिकवणारे. त्यांच्यासोबत आम्ही दोघंही गेलो. मला जावंसं वाटलं.

ते दीड तास खुर्चीत पडून होते. दंडातून रक्त यंत्रात जात होतं, यंत्र त्यातल्या प्लेटलेट्स वेगळ्या काढत होतं आणि बाकीचं रक्त त्यांना परत देत होतं. मधेच त्यांनी सांगितलं की ओठांना मुंग्या येतायत. तिथल्या सिस्टर म्हणाल्या की यंत्रातल्या रसायनामुळे तसं होतं, आणि त्यांना चघळायला कॅल्शियमची गोळी दिली. शेवटी पिशवी भरली. मला वाटलं होतं लाल असेल. ती पिवळसर होती, ताकाच्या निवळीसारखी. सिस्टरनी ती एका सपाट पेटीत ठेवली. पेटी सावकाश पुढे-मागे हलत होती. त्यांनी सांगितलं, प्लेटलेट्स फ्रीजमध्ये ठेवत नाहीत, आणि स्थिरही ठेवत नाहीत, सारखं हलवत ठेवावं लागतं, नाहीतर गोळा होऊन बसतात. तेही पाचच दिवस टिकतात.

बाहेर व्हरांड्यात त्या बाईचा नवरा बाकावर बसला होता. पायात धुळीने माखलेल्या चपला, हातात पिशवी. सिस्टरनी बोटाने दाखवून सांगितलं की यांनी दिलंय. तो उठला, भूगोलाच्या सरांचा हात धरला आणि सोडेना. सर ओशाळून म्हणाले, बसा हो, बसा. दोघं तसेच हात धरून बाकावर बसले.