बटाट्याला दिलेला गिलावा

गिलावा करणाऱ्या माणसाची ओळख त्याच्या भिंतीवरून पटते, तोंडावरून नाही. त्या गल्लीत एक उंच, काटकुळा गवंडी राहायचा. त्याला सगळे ओळंबा म्हणत. ओळंबा म्हणजे दोरीला टांगलेलं वजन. भिंत सरळ आहे की नाही ते दाखवतं आणि स्वतः गप्प राहतं. हा माणूसही तसाच होता. चालताना वाकत नसे, बोलताना तर मुळीच नाही. एकदा समोरच्या घरमालकाला तो म्हणाला, "तुमची भिंत फुगलीय." मालक म्हणाला, "चष्मा लावा." ओळंब्यानं खिशातून चष्मा काढून लावला, नीट पाहिलं आणि म्हणाला, "आता जास्त फुगलेली दिसते."

त्याची थोरली बहीण त्याच्याकडेच राहायची. तिला तो ताई म्हणे. ताईचं आयुष्य एका शाळेच्या स्वयंपाकघरात गेलं होतं. माणूस बुडेल एवढ्या पातेल्यात डाव फिरवून तिचे खांदे पैलवानासारखे झाले होते. काम सुटलं, नवरा आधीच गेला होता, मुलगा लांबच्या शहरात होता. मग ती भावाच्या दोन खोल्यांत आली. वाटणी न बोलताच ठरली. भिंती त्याच्या, चूल तिची. चूल म्हणायची आपली सवय. होती गॅसची शेगडी आणि तिच्या पोटात ओव्हन. त्या ओव्हनचं दार ओळंब्यानं आजवर उघडलं नव्हतं. दुसऱ्याच्या कामात हात घालू नये, हा त्याचा नियम.

मग ताई न्हाणीघरात पाय घसरून पडली आणि तिचा उजवा हात मोडला. दवाखान्यातून ती प्लास्टर घालून आली. ओळंब्यानं तो हात उजेडाकडे धरला, अंगठ्यानं दाबून पाहिला, वरून खाली नजर टाकली.

"कुणी केलं हे?"

"डॉक्टरांनी."

"कडा साफ केल्या नाहीत," ओळंबा म्हणाला. यापलीकडे त्यानं त्या दुखण्याबद्दल काही म्हटलं नाही.

त्यानंतर घरात पाव होता, उकडलेली अंडी होती आणि डब्यातले मासे होते. पुन्हा पाव होता. ताई डाव्या हातानं खायची आणि काही बोलायची नाही. ते न बोलणं ओळंब्याला मोडलेल्या हातापेक्षा जास्त खुपत होतं.

असं चाललेलं असताना ताईचा मुलगा आला. तो विम्याच्या कचेरीत होता. कुठल्याही खोलीत शिरला की आधी कुठं काय पडेल ते बघायचा. आल्या आल्या त्यानं कचऱ्याचा डबा उघडला.

"मामा, हे काय?"

"मासे."

"आणि त्याच्याखाली?"

"कालचे मासे."

"आईला तू हेच खायला घालतोस?"

"मी खातो तेच. भेदभाव नाही."

भाच्यानं झाकण लावलं. "मी आईला घेऊन जातो. एक खोली रिकामी केलीय. खिडकी आहे, नवीन पलंग आहे. बायको उत्तम स्वयंपाक करते. इथं हात बरा व्हायच्या आधी पोट बिघडेल."

"स्वयंपाकाचं काय, येईल."

"कुठून येईल? आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?"

ओळंब्याचा कणा मुळात ताठ. तो आणखी ताठ झाला. "रविवारी जेवायला ये," तो म्हणाला.

भाचा हिशेबी होता, पण न्यायी होता. "ठीक. एकच अट. आई, तू खुर्चीतून उठायचं नाही आणि तोंडातून ब्र काढायचा नाही. मामाला एकट्याला जमलं, तर राहा इथं. नाही जमलं, तर तशीच माझ्याबरोबर चल. कबूल?"

ताई खिडकीबाहेर बघत होती. "बघू," ती म्हणाली.

त्या 'बघू'वर ओळंबा आठवडाभर विचार करत राहिला. होकार असता तर कळला असता, नकार असता तरी कळला असता. हा 'बघू' कुठल्या बाजूला झुकलाय ते त्याला कळेना. ताई यायच्या आधीची वर्षं त्याला आठवत होती. तेव्हा घरात आवाज होता तो फक्त गळक्या नळाचा, आणि तो नळही त्यानं स्वतःच दुरुस्त करून टाकला होता.

शनिवारी तो कोपऱ्यावरच्या दुकानात गेला. दुकानदारीण त्याला चांगली ओळखायची. मासे तिच्याकडूनच यायचे.

"काय देऊ, काका?"

"रविवारचं जेवण."

"किती जणांचं?"

"तिघांचं. त्यातली एक शाळेत स्वयंपाक करायची."

बाईनं त्याच्याकडे असं पाहिलं, की जणू त्याच्या घराचं छप्पर उडालंय. मग ती उठली आणि एकेक वस्तू आणून फळीवर ठेवत गेली. गोठवलेल्या बटाट्याच्या किसाची पिशवी. घट्ट मशरूम सूपचा डबा. सायीची डबी. किसलेल्या चीजची पिशवी. लोणी. कॉर्नफ्लेक्सचा खोका.

"यात शिजवायचं असं काही नाहीच," ती म्हणाली. "पिशवी फोडा, डबा फोडा, डबी फोडा, सगळं कालवा, ट्रेमध्ये पसरा. वरून चीज. त्यावर कॉर्नफ्लेक्स चुरडून लोण्यात घोळवून. ओव्हनमध्ये ठेवायचं. वरून लाल दिसलं, कडेनं बुडबुडे आले, की बाहेर. आमचे हेसुद्धा करतात."

"काय काम करतात ते?"

"काहीच नाही. म्हणून तर सांगतेय."

घरी येताना ओळंब्याचं पाऊल हलकं पडत होतं. जाडा माल, त्याला धरून ठेवणारा ओला माल आणि वरून शेवटचा हात. हे तर आपलंच काम. लोक उगीच स्वयंपाक म्हणतात.

रविवारी त्यानं पेटीतून कोरी थापी काढली, जिला सिमेंटचा कण लागला नव्हता. गरम पाण्यानं धुतली. माल कालवला. बटाटा, सूप आणि साय अशी एकजीव केली, की थापीवरून ती ना घसरे ना चिकटून बसे. मग ट्रेमध्ये पहिला हात दिला. कोपरे दाबून भरले. असा सपाट थर त्या ट्रेनं जन्मात पाहिला नसेल. त्यावर काट्याच्या चमच्यानं आडवे ओरखडे काढले, कारण ओरखडे नसले तर दुसरा हात पकड घेत नाही. दुसरा हात चीजचा. तो दिल्यावर ओळंबा क्षणभर मागं सरून उभा राहिला. कॉर्नफ्लेक्स टाकायचं त्याच्या जिवावर आलं होतं. एवढी गुळगुळीत भिंत केल्यावर तिच्यावर खडी कोण मारतं? पण बाईनं सांगितलं होतं, म्हणून मारली.

ताई दारासमोरच्या खुर्चीत बसून बघत होती. इथवर तिच्या चेहऱ्यावर काही नव्हतं.

ट्रे ओव्हनमध्ये गेला. ओळंबा काचेसमोर बसला. थोड्या वेळानं आतला माल फुगला आणि वरच्या थराला बारीक तडे जाऊ लागले.

आता गिलाव्याचा एक धर्म आहे. ताजा गिलावा कडक उन्हात भराभर वाळला तर तडकतो, आणि तडकला की सुटतो. त्याला पाणी पाजत राहावं लागतं. आळशी गवंडी पाणी मारत नाहीत आणि मग मालकाच्या नावानं बोटं मोडतात. ओळंबा कधी आळशी नव्हता. त्यानं मगभर पाणी घेतलं, ओव्हनचं दार उघडलं आणि हातानं शिंपडलं. चर्र आवाज झाला. तडे बुजले.

ताई खुर्चीत सरळ झाली.

परत तडे दिसले. परत त्यानं पाणी मारलं. ताई खोकली. तिसऱ्या खेपेला ती इतकी खोकली, की ओळंब्यानं वळून पाहिलं.

"ताई, पाणी हवंय का?"

"नको," ताई म्हणाली. "पाणी पुरे झालं."

तिला तहान नाही, एवढं ओळंब्याला समजलं. त्यानं पाण्याचा मग पुन्हा भरला.

भाचा जेवायच्या वेळेला आला. हात धुऊन, नॅपकिन मांडीवर घेऊन बसला. ओळंब्यानं ट्रे मधोमध ठेवला आणि थापी घातली. सगळा थर तळ्यासारखा हलला. कॉर्नफ्लेक्स भिजलेल्या कागदासारखे एका कडेला जमा झाले. त्यानं तिघांना वाढलं. ताटं सपाट होती. वाट्या असत्या तर बरं झालं असतं.

"मामा, हे खायचं की प्यायचं?"

"बसलं नाही अजून. ओलं आहे."

"ओव्हनमधून काढलेलं ओलं कसं?"

"ऊन कडक होतं. पाणी मारलं."

"कशाला?"

"बटाट्याला."

भाचा हसला नाही. हसला असता तर ओळंब्याला सोपं गेलं असतं. त्यानं चमचा हळूच ताटाच्या कडेला ठेवला आणि म्हणाला, "आई, चल. तुझे कपडे भरू या."

ओळंबा ट्रेकडे बघत राहिला. दुसऱ्यांच्या कितीतरी वाकड्या भिंती त्यानं पाडायला लावल्या होत्या. "बरोबर आहे," तो म्हणाला. "वाकडं ते वाकडं." तो उठला, खुंटीवरचा ताईचा कोट काढला, झटकला आणि तिच्या खांद्यावर घातला. मोडलेल्या हाताच्या बाजूला जरा जास्तच काळजीनं घातला.

"अट संपली का?" ताईनं मुलाला विचारलं.

"कसली?"

"गप्प बसायची."

"संपली. आता काय राहिलंय?"

"मग हा कोट काढा आधी. मला उकडतंय." ती भावाकडे वळली. "काय रे शहाण्या, पाणी का मारत होतास?"

"तडे जात होते."

"जायलाच पाहिजेत! त्यालाच कुरकुरीत म्हणतात. सबंध शाळेच्या पोरांना मी तडेच खाऊ घातले की!"

"मग तू सांगितलं का नाहीस?"

"याची अट होती ना! जीव नुसता कासावीस झाला. मगात हात गेला रे गेला, की वाटायचं, उठावं आणि प्लास्टरचा हात घालावा तुझ्या डोक्यात."

भाचा समजुतीच्या सुरात म्हणाला, "म्हणूनच म्हणतो आई, आमच्याकडे चल. तुला काही बघावं लागणार नाही. हिला सगळं येतं."

"तेच तर दुखणं आहे, बाळा. तिला सगळं येतं. मागच्या वेळी राहिले तेव्हा बिचारी रोज विचारायची, आई, चव बघता का. मी चव बघायची, चांगलंच असायचं. चांगलं आहे म्हणून मी दिवसभर खिडकीत बसायची. इथं बघ." तिनं डावा हात पसरून स्वयंपाकघर दाखवलं. "मीठ कुठं ठेवलंय, तेसुद्धा याला ठाऊक नाही. इतकं काम मला शाळेतपण नव्हतं."

"मीठ घालायचं होतं?" ओळंब्यानं विचारलं.

"बघ!" ताई म्हणाली. एवढी खूश ती पडल्यापासून दिसली नव्हती.

मग ती खुर्चीतूनच कामाला लागली. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हेच; पण शेळ्या दोन होत्या आणि दोन्ही हलत होत्या. "ताटातलं परत ट्रेमध्ये घाला. वरचं पाणी निथळ. सगळं नाही रे, वरचं! तो भिजलेला लगदा काढून टाक. चीज उरलंय? पसर. हातानं पसर, थापी ठेव ती. मीठ त्या निळ्या डब्यात. तू काय बघतोस? नवे कॉर्नफ्लेक्स चुरड. विम्याची कागदं नाहीत ती, नीट दाब! आता आच मोठी कर. दार लाव. आणि दाराला हात लावलास तर याद राख."

भाचा बाह्या वर करून चुरडत होता. ओळंबा दोन्ही हात पाठीशी बांधून काचेसमोर उभा राहिला. तडे गेले. आणखी गेले. त्याला बघवेना, म्हणून तो भिंतीकडे तोंड करून उभा राहिला.

ट्रे बाहेर आला तेव्हा वरून लाल होता, कडेला करपलेला होता आणि मध्ये अजून जरासा ढिला होता. ताईनं पहिला घास घेतला. दोघं तिच्या तोंडाकडे बघत होते.

"खाण्यासारखं आहे," ती म्हणाली.

भाच्यानं आपलं ताट संपवलं आणि पुन्हा पुढं केलं. ओळंब्यानं न विचारता वाढलं.

जेवण झाल्यावर भाच्यानं बायकोला फोन लावला. "अगं, ते खोलीतलं सामान परत टाक जागेवर... नाही, येत नाहीये... रुसली वगैरे काही नाही गं. तिला इथं नोकरी लागलीय."

"पगार विचार त्याला," ताई म्हणाली.

ओळंबा ट्रेच्या कोपऱ्यातलं करपलेलं चीज थापीनं खरवडत होता. "राहणं आणि खाणं," तो म्हणाला.

"खाणं धरू नकोस. ते अजून तुला करता यायचंय."